काट्यावर पाच किलो कमी, मग अंग जड का?

प्रश्न थोडक्यात असा आहे. आई ७१ वर्षांच्या. डेंग्यू झाला, आठवडाभर दवाखान्यात आणि पुढे दोन आठवडे घरी अंथरुणात गेले. वजन ५८ वरून ५३ वर आलं. ताप गेला, रक्ताचे रिपोर्ट ठीक आले, पण त्या सारखं म्हणतात, "अंगात शिसं ओतल्यासारखं झालंय." खुर्चीतून उठताना दोन्ही हात टेकावे लागतात, सकाळी उठल्या उठल्या डोळ्यांपुढे अंधारी येते, संध्याकाळी पावलं सुजतात. मुलीला कोडं पडलंय की वजन उतरलं तर हलकं वाटायला हवं ना? आणि जी बाई तरुणपणी आडावरून दोन-दोन हंडे डोक्यावर आणायची, तिला आज पाच लिटरचा तेलाचा डबा का उचलत नाही? कमरेला पट्टा आणू का?

ताई, मी फिजिओथेरपिस्ट आहे. २६ वर्षं कोल्हापुरात हेच काम करतोय. "वजन उतरलंय, पण जड वाटतंय" ही तक्रार आजारातून उठलेल्या माणसांकडून मी इतक्या वेळा ऐकली आहे की सुरुवातीची काही वर्षं तर "अशक्तपणा आहे, जाईल हळूहळू" एवढं म्हणून पुढच्या पेशंटला आत बोलवायचो. ते उत्तर चूक नव्हतं, आळशी होतं.

तुमच्या आई बरोबर बोलताहेत आणि काटाही बरोबर बोलतोय. दोघं वेगवेगळ्या गोष्टी सांगताहेत, इतकंच. पृथ्वी आपल्याला किती जोरात खाली ओढते ते काटा सांगतो. शरीराला ते कळत नाही. शरीराला कळतं ते हे, की ओढ पेलायला स्नायूंना किती जोरात कामाला लावावं लागलं.

खोटं वाटत असेल तर स्वयंपाकघरात करून बघा. किलोभर मीठ एका छोट्या पिशवीत भरा आणि किलोभर चुरमुरे एका मोठ्या पिशवीत. दोन्हींना सारखीच नाडी बांधा आणि नाडीला धरून एकेक उचला. मीठ स्पष्ट जड लागेल. आता दोन्ही काट्यावर ठेवा, आकडा सारखाच आहे याची खात्री करा आणि पुन्हा उचला. तरीही मीठच जड! ऑगस्टिन शार्पांतिए नावाच्या फ्रेंच डॉक्टरने १८९१ साली ही गंमत नोंदवली होती. मेंदू वस्तूचा आकार बघून आधीच अंदाज बांधतो आणि अंदाजाप्रमाणे हाताला जोर लावायला सांगतो. मोठ्या पिशवीसाठी जास्त जोर लावला, ती सहज वर आली, म्हणून हलकी. छोटीसाठी कमी लावला, ती हलेना, म्हणून जड. हा खुलासा अपुरा आहे, कारण खरं वजन कळल्यावरही भास जात नाही, आणि नेमकं का याबद्दल अजून वाद आहेत. पण आपल्या कामापुरता मुद्दा त्यात आला. जडपणा वस्तूत जितका असतो तितकाच उचलणाऱ्यातही असतो.

मंडईतून आणलेली तीच पिशवी तळमजल्यावर एक वाटते आणि तिसऱ्या मजल्यावर दुसरीच. पिशवीत काही वाढलेलं नसतं. दंड थकलेला असतो, आणि तेवढंच काम करून घ्यायला मेंदूला त्याला जास्त जोरात हाकावं लागतं. ते हाकणं म्हणजेच आपल्याला वाटणारं ओझं.

आता आईंकडे वळू. २००७ साली अमेरिकेत एक अभ्यास झाला. सरासरी ६७ वर्षांच्या, धडधाकट, कुठलाही आजार नसलेल्या माणसांना दहा दिवस नुसतं अंथरुणात ठेवलं. दहाच दिवस. त्यात दोन्ही पायांचं मिळून जवळजवळ एक किलो मांस झडलं आणि गुडघा सरळ करायची ताकद सुमारे १६ टक्क्यांनी कमी झाली. ती माणसं आजारी नव्हती, जेवत-खात होती. तुमच्या आई तीन आठवडे पडून होत्या, वर ताप, वर तोंडाला चव नाही. त्यांचं वजन ९ टक्क्यांच्या आसपास उतरलं. पायांची ताकद त्याहून बरीच जास्त उतरली असणार. गाडीतलं एखादं पोतं उतरवलं, पण इकडे बैलच खंगला. मग गाडी जड लागणारच.

एरवी वजन उतरलं की मी खूश होतो. गुडघेदुखीच्या पेशंटला मी स्वतःच सांगतो की एक किलो कमी करा, प्रत्येक पावलाला गुडघ्यावरचा चार किलोंचा भार कमी होतो. हा हिशोब २००५ साली मोजून काढलेला आहे आणि माझा आवडता आहे. पण तो चरबी उतरवणाऱ्यांसाठी. सत्तरीनंतर आजारपणात उतरलेल्या पाच किलोंबद्दल शेजारणींनी "बारीक झालात हो, छान दिसता" म्हटलं, तर ते मनावर घेऊ नका.

अंथरुण इतकं का बाधतं, हे समजायला थोडं आडवळण घेतो.

आपल्याला गुरुत्वाकर्षण असं थेट जाणवतच नाही. जाणवते ती जमीन. पृथ्वी खाली ओढते, फरशी तळव्यांना वर रेटते, आणि या दोघींच्या मध्ये आपली हाडं-स्नायू दाबले जातात. तो दाब म्हणजे आपलं रोजचं वजन. लिफ्ट वर जायला निघते तेव्हा क्षणभर जड वाटतं, कारण लिफ्टची फरशी जरा जास्त रेटते. जत्रेतला आकाशपाळणा वरून खाली येताना पोटात गोळा येतो, कारण खालची बैठक आपल्याखालून पळत असते आणि आधार कमी पडतो. पृथ्वीची ओढ दोन्ही वेळा तीच असते.

अंतराळवीरांचंही हेच. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानक जमिनीपासून साधारण ४०० किलोमीटर वर फिरतं. तिथे पृथ्वीची ओढ संपते असा पुष्कळांचा समज आहे. प्रत्यक्षात तिथे ती इथल्या सुमारे ९० टक्के असते. फक्त स्थानक आणि आतली माणसं सगळी मिळून सतत पडत असतात, त्यामुळे पायाखाली रेटणारं काही उरत नाही. शुभांशू शुक्ला २०२५ साली तिथे १८ दिवस राहून आले. परत आल्यावर त्यांनी सांगितलं होतं की हातात घेतलेला मोबाइल जड वाटला आणि लॅपटॉप तर तरंगेल या सवयीने त्यांनी पलंगाच्या बाजूला तसाच सोडून दिला. खाली गालिचा होता म्हणून बरं. कसलेला, तरुण वैमानिक! तीन आठवड्यांहून कमी काळात त्याच्या मेंदूचे अंदाज असे बदलले.

महिनोन्‌महिने वर राहणाऱ्यांच्या कमरेच्या आणि मांडीच्या हाडांतला खनिजांचा साठा महिन्याला एक ते दीड टक्क्याने घटतो, म्हणून त्यांना रोज जवळजवळ दोन तास व्यायाम करावा लागतो. आणि जमिनीवर राहून याचा अभ्यास करायचा तर शास्त्रज्ञ काय करतात? निरोगी माणसांना आठवडेच्या आठवडे पलंगावर झोपवून ठेवतात, डोक्याची बाजू सहा अंशांनी खाली करून. पलंग म्हणजे स्वस्तातलं अंतराळयान. हाडाला आणि स्नायूला रोज उभ्याने भार मिळाला तरच ते स्वतःला टिकवतात. भार थांबला की शरीर काटकसरी संसार करतं, न लागणारी माणसं कामावरून कमी करतं.

आता हंड्यांचा प्रश्न. मला यात सगळ्यात जास्त रस आहे, त्यामुळे थोडं लांबेल.

दोन हंडे, एकावर एक, खाली चुंबळ. पाणी लिटरला किलो, म्हणजे दोन्ही मिळून वीस-पंचवीस किलो सहज झाले. चुंबळीचं काम नुसतं डोक्याला टोचू नये एवढंच नाही. गोल बुडाचा हंडा टेकायला ती सपाट जागा करते आणि त्याचा भार नेमका टाळूवर, म्हणजे मणक्यांच्या रांगेवर आणते. तिथून तो मान, पाठ, कंबर, खुबे, पावलं असा सरळ उभ्या रेषेत जमिनीत उतरतो. हाडावर हाड. स्नायूंना तोल सांभाळण्यापुरतंच काम राहतं. केनियातल्या लुओ आणि किकुयू बायकांवर १९८६ साली झालेल्या अभ्यासात दिसलं की त्या स्वतःच्या वजनाच्या २० टक्क्यांपर्यंत ओझं डोक्यावर (किंवा किकुयूंच्या पद्धतीने कपाळावरच्या पट्ट्याला अडकवून) घेऊन चालल्या तरी त्यांच्या शरीराचा खर्च मोकळं चालण्याइतकाच राहतो. लहानपणापासूनच्या सवयीने त्यांची चालच तशी झालेली होती. सवय नसलेल्याने हे करायला जाऊ नये, मान धरेल. आणि सवय असलेल्यांच्याही मानेचे मणके पुढे झिजतात, ते मी एक्स-रेवर बघतो. डोक्यावरच्या पाण्याचं कौतुक मी करतोय ते फक्त यंत्रशास्त्रापुरतं. घरात नळ असणं कधीही चांगलं.

म्हणजे तरुणपणी आईंच्या डोक्यावर वीस किलो होते, पण ते शरीराच्या मध्यरेषेवर होते. तेलाचा पाच लिटरचा डबा साडेचार किलोंचाच, पण तो ओट्याखालच्या कप्प्यात, मागच्या बाजूला, वाकून आणि हात लांब करून काढायचा. या दोन कामांची तुलना किलोत होत नाही.

माझंच उदाहरण सांगतो. लोकांना पाठ सांभाळायला शिकवणारा माणूस, आणि अकरा वर्षांपूर्वी माझी कंबर गेली ती घरच्या गॅसच्या सिलिंडरने. रविवार सकाळ, चहा अर्ध्यावर असताना गॅस संपला. भरलेला सिलिंडर ओट्याखाली आत सरकवलेला. त्यात १४.२ किलो गॅस आणि मोकळ्या टाकीचे साधारण पंधरा, म्हणजे तीस किलोंच्या आसपास. मी कमरेत वाकलो, दोन्ही हात आत घातले, कडी धरली आणि घाईने एका झटक्यात उचलून बाहेर घेतला. सिलिंडर माझ्या कमरेपासून अर्ध्या मीटरच्या आत-बाहेर असेल. आता जुना दांडीचा तराजू डोळ्यांपुढे आणा. मधली खीळ म्हणजे कमरेचा मणका. एका बाजूला सिलिंडर, खिळीपासून ४५ सेंटीमीटरवर. दुसऱ्या बाजूला पाठीचे स्नायू, आणि त्यांना मिळालेली दांडी जेमतेम ५ सेंटीमीटरची. नऊपट फरक. तीस किलोंना तोलायला त्या स्नायूंना २७० किलोंची ओढ लावावी लागणार, शिवाय पुढे झुकलेलं माझं धड, डोकं आणि हात यांचं वजन वेगळंच. "कट्" असा आवाज आला आणि मी ओट्याला धरून तसाच उभा राहिलो. चहा शेजारून आला.

दुसऱ्या दिवशी सिलिंडर पोचवणारा मुलगा खाली रस्त्यावर दिसला. तो काय करत होता बघा. टाकी कधीच हातावर झेलत नव्हता. ती एका कडेवर तिरकी करून गोल गोल फिरवत नेत होता, जिन्यापाशी आल्यावर गुडघ्यावर टेकवली, तिथून खांद्यावर घेतली. जमिनीपासून खांद्यापर्यंत टाकी त्याच्या अंगापासून वीतभरही लांब गेली नाही. त्याला हे कुणी शिकवलं नव्हतं. दिवसाला चाळीस टाक्या उचलणारा माणूस चुकीच्या पद्धतीने आठवडाभरही टिकत नाही.

मार्केट यार्डातले हमालही तसेच. माथाडी या शब्दातच माथा आहे, आणि डोक्या-पाठीवर ओझं वाहणाऱ्या या माणसांसाठी महाराष्ट्राने १९६९ साली वेगळा कायदाही केला. माझ्याकडे येणाऱ्या एका जुन्या हमालाने मला दाखवलं होतं की पोतं एकट्याने जमिनीवरून घ्यायचंच नाही. दोघांनी हिसका देऊन कमरेच्या उंचीला आणायचं आणि तिसऱ्याने पाठ फिरवून त्याच्याखाली शिरायचं. "उचलायचं नाही डॉक्टर, खाली जायचं त्याच्या." हे वाक्य मी आजही पेशंटना ऐकवतो. अर्थात तरीही तो माझ्याकडे आला होता, कारण तीस वर्षं पन्नास-शंभर किलोंच्या गोण्या वाहिल्यावर कुठलीही युक्ती पुरी पडत नाही.

मोजलेले आकडे हवे असतील तर ते जर्मनीतल्या उल्मचे आहेत. १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात एका माणसाच्या कमरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमधल्या गादीत दाब मोजणारा बारीक सेन्सर बसवून त्याला दिवसभर वागू दिलं होतं. नुसतं उभं राहताना जो दाब, तो एक धरा. वीस किलोंचं खोकं छातीशी धरलं तर सव्वादोनपट. तेच खोकं छातीपासून ६० सेंटीमीटर लांब धरलं तर साडेतीनपटीहून जास्त. आणि पाठ गोल करून, वाकून जमिनीवरून उचललं तर साडेचारपटीच्या वर. एकाच माणसावरचे आकडे आहेत, त्यामुळे दशांशाला चिकटून बसू नये, पण दिशा स्पष्ट आहे. वजन वीस किलोच राहिलं, बदललं ते अंतर.

इथे एक सांगायलाच हवं, नाहीतर तुम्ही आईंना वाकायलाच बंदी घालाल. वाकण्यासाठीच मणक्यांच्या मध्ये गाद्या असतात. "वाकू नका, वाकू नका" सांगून आम्ही फिजिओंनी आणि डॉक्टरांनी मिळून एक अख्खी पिढी काठीसारखी ताठ करून ठेवली, आणि त्यातून कंबरदुखी काही कमी झाली नाही. केर काढणं, भाजी निवडायला खाली बसणं, देवापुढे वाकणं हे सगळं त्यांनी करावं. जपायचं ते एवढंच की ओझं असेल तर ते अंगाजवळ घ्यावं आणि झटका देऊ नये. मोबाइलमुळे मानेवर २७ किलो पडतात, हा जो आकडा सगळीकडे फिरतो तोही असाच. २०१४ साली एका सर्जनने संगणकावर मांडलेल्या गणितातला आहे तो, कुणाच्या मानेत मोजलेला नाही. त्याने घाबरून जायचं कारण नाही.

आणि हो, पट्टा नको. कंबर दुखत नाहीये ना? मग जे स्नायू आधीच रजेवर गेलेत, त्यांच्या जागी बदली माणूस कशाला ठेवायचा?

सकाळची अंधारी ही वेगळी गोष्ट आहे, आणि सगळ्या प्रश्नात मला काळजी वाटली ती तिची.

आपण आडवे असतो तेव्हा डोकं, हृदय, पाय एका पातळीवर असतात. उभे राहिलो की अर्धा-पाऊण लिटर रक्त काही सेकंदांत पायांकडे आणि पोटाकडे उतरतं. ते पाणीच आहे, उतरणारच. मानेतल्या आणि छातीतल्या मोठ्या रक्तवाहिन्यांत दाब ओळखणारी केंद्रं असतात. ती लगेच हृदयाला वेग वाढवायला आणि खालच्या रक्तवाहिन्यांना आवळायला लावतात. तरुणात हे इतकं गुपचूप होतं की पत्ताही लागत नाही. म्हातारपणात, तीन आठवडे पडून राहिल्यावर, अंगात पाणी कमी असताना आणि वर बीपीची गोळी चालू असेल तर हा निरोप उशिरा पोचतो. तेवढा वेळ मेंदूला रक्त कमी पडतं आणि डोळ्यांपुढे काळोख.

घरी बीपीचं मशीन असेल तर पाच मिनिटं झोपवून एकदा मोजा, मग उभं करून तीन मिनिटांच्या आत दोनदा मोजा. जवळ धरायला माणूस हवाच. वरचा आकडा २० ने किंवा खालचा १० ने उतरला, तर तो कागद घेऊन तुमच्या डॉक्टरांकडे जा. डेंग्यूच्या आधीपासून बीपीची गोळी चालू असेल, तर ती ५८ किलोंच्या, भरपूर पाणी पिणाऱ्या बाईंसाठी होती. आज कदाचित ती जास्त होत असेल. पण गोळी आपल्या मनाने बंद करू नका, तो निर्णय डॉक्टरांचा.

तोवर उठायची पद्धत बदला. जाग आल्यावर अंथरुणातच पावलं वीस वेळा वर-खाली. मग कुशीवर वळून बसायचं, पाय खाली सोडून मिनिटभर तसंच बसायचं, दोन घोट पाणी. मगच उभं राहायचं, आणि उभं राहिल्यावर चार श्वास घेतल्याशिवाय पाऊल टाकायचं नाही. बाथरूमला जायची घाई असते हे मला माहीत आहे. बरीच म्हातारी माणसं त्या घाईत पडतात. उभ्या उभ्या पडलं तरी खुब्याचं हाड फरशीला लागेपर्यंत वेग ताशी दहा किलोमीटरच्या आसपास गेलेला असतो, म्हणजे चालत्या सायकलवरून पडल्यासारखंच.

(उभं राहताना नव्हे, तर अंथरुणात कूस बदलताना खोली गरगर फिरत असेल, तर ते कानाचं प्रकरण. आतल्या कानात चुन्याचे सूक्ष्म खडे असतात, खाली कुठे आणि वर कुठे हे मेंदूला तेच सांगतात. ते जागेवरून निसटले की अशी चक्कर येते. त्यावर औषधापेक्षा डोकं ठराविक पद्धतीने फिरवण्याचा उपाय चालतो, पाच-दहा मिनिटांचं काम. पण ते शिकलेल्या माणसाकडूनच करून घ्यावं.)

संध्याकाळी पावलं सुजतात त्यामागेही हेच उतरणारं पाणी. स्तब्ध उभं राहिल्यावर घोट्यापाशी शिरेतला दाब, बीपी मोजतो त्याच मापात, ९० च्या आसपास असतो. चालायला लागलं की पोटरीचा स्नायू दर पावलाला शीर पिळून रक्त वर ढकलतो आणि तोच दाब ३० च्या घरात किंवा त्याहून खाली येतो. पोटरी म्हणजे पायातला पंप. एस.टी.चे कंडक्टर, शिक्षक, चौकातले पोलीस यांच्या पायांच्या शिरा फुगतात त्या चालण्याने नव्हे, उभं राहण्याने. आईंची पोटरी आत्ता बारीक झालीय, त्यात त्या दिवसभर खुर्चीत पाय सोडून बसत असणार. दुपारी तासभर पाय उशीवर ठेवून आडवं व्हायचं आणि दर तासाला घरातल्या घरात एक फेरी. सूज दोन्ही पायांना सारखी असेल तरच हे.

आता खुर्ची. माझ्या लेखी आईंचं खरं औषध इथे आहे.

एक प्रयोग करा, पण आईंवर नको, घरातल्या तरुणावर करा. त्याला खुर्चीत ताठ, पाठ टेकून बसवा, पावलं गुडघ्यांच्या सरळ खाली. त्याच्या कपाळाला फक्त एक बोट लावा आणि म्हणा, हात न टेकता ऊठ. उठता येणार नाही. आमच्या तालमीतल्या शंभर किलोंच्या पैलवानाला मी असा एका बोटाने बसवून ठेवलाय, बाकीचे खिदळत होते. यात माझ्या बोटाची ताकद नाही. बसलेल्या माणसाचा भार खुर्चीवर असतो, पावलांच्या मागे. तो पावलांवर आणायचा तर आधी डोकं आणि छाती पुढे न्यावीच लागते. बोट फक्त तेवढं अडवतं.

अशक्त झालेली माणसं पडायच्या भीतीने पुढे झुकत नाहीत. सरळ वर उठायला बघतात, मागे कोसळतात, आणि मग हातांवर सगळा जीव काढतात. आईंना असं शिकवा: आधी खुर्चीच्या कडेपर्यंत पुढे सरकायचं. पावलं मागे घ्यायची, टाचा गुडघ्यांच्या जरा मागे. दोन पावलांत खांद्याइतकं अंतर. मग वडीलधाऱ्यांच्या पाया पडायला वाकतो तसं पुढे यायचं, नाक पायाच्या अंगठ्यांच्या पुढे जाईपर्यंत, आणि बूड आपोआप हलकं झालं की उठायचं. बसताना याच रस्त्याने उलटं, सावकाश, धप्पकन नाही. सावकाश बसण्यानेच मांडी जास्त भरते.

पहिल्या दिवशी वेळ लावा. हात छातीवर आडवे, पाच वेळा उठ-बस. पंधरा सेकंदांपेक्षा जास्त लागले, तर मांड्यांची ताकद कमी आहे असं धरा. हात न टेकता एकदाही जमत नसेल, तरी निराश होऊ नका. खुर्ची भिंतीला लावून पक्की करा आणि तिच्यावर घोंगडं घडी करून टाका, चार घड्या, पाच घड्या, ज्या उंचीवरून हातांशिवाय उठता येईल तितक्या. त्या उंचीवरून सकाळी आठ, संध्याकाळी आठ. जमायला लागलं की आठवड्याला एक घडी कमी. मऊ उशी नको, ती दबते आणि तोल जातो. खाली रुतणारा सोफा तर या महिन्यापुरता विसराच. जोडीला ओट्याला धरून टाचा वर उचलणं, दहा-दहा वेळा. ते पोटरीसाठी.

याला खायला घालावं लागतं. ५३ किलोंच्या माणसाला दिवसाला ५५ ते ६० ग्रॅम प्रथिनं हवीत, आणि आजारातून उठलेल्यांना आपण देतो मऊ भात, पेज आणि साबुदाण्याची खीर. प्रत्येक जेवणात डाळ-उसळ, दूध-दही, अंडं, पनीर, खात असतील तर मासे, यांतलं काहीतरी ठळकपणे दिसलं पाहिजे. किडनीचा त्रास असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.

काही गोष्टींना मात्र थांबायचं नाही. जडपणा एकाच हाताला किंवा एकाच पायाला अचानक आला, तोंड वाकडं झालं, बोलणं अडखळलं, तर तासाभराच्या आत मोठ्या दवाखान्यात. एकच पाय सुजला, पोटरी दुखून गरम लागली, तर त्याच दिवशी दाखवायचं, कारण पडून राहिल्याने शिरेत गुठळी झालेली असू शकते, आणि तोवर पोटरी चोळायची नाही. चार पावलं चालून धाप लागत असेल, तर माझ्याकडे यायच्या आधी हृदयाची तपासणी.

किती दिवस लागतील? तीन आठवड्यांत गेलेलं तीन आठवड्यांत परत येत नाही. या वयात मी सहा ते बारा आठवडे धरायला सांगतो. पहिल्या पंधरवड्यात काट्यावर काही दिसणार नाही, घोंगड्याची एखाद-दुसरी घडी तेवढी कमी होईल. पुढे वजन ५३ चं ५४, ५५ होईल, आणि त्याच सुमारास आई कधीतरी म्हणतील की आज जरा हलकं वाटतंय. तेलाचा डबा तोवर कप्प्यातून बाहेर काढून ओट्यावरच ठेवा, आणि निम्मं तेल बरणीत ओता.